बर्नचं वाद्य, लिथुआनियाचं खातं

मी तबला-ढोलकी वाजवतो, राहायला गिरगावात. गणपती ते दिवाळी हे आमचे कमाईचे महिने. त्या कमाईतले दीड लाख रुपये गेल्या वर्षी एका वाद्यापायी गेले आणि वाद्य हाती आलंच नाही. वादक मित्रांना तोंडी सांगून झालंय. पण हाच माणूस, किंवा ही टोळी, अजून फोटो पाठवते आहे हे परवा कळलं, म्हणून सगळं लिहून काढतोय.

अंधेरीच्या एका स्टुडिओत पाहुण्या वादकाने हँडपॅन आणला होता. एकावर एक पालथ्या घातलेल्या दोन परातींसारखा आकार, मध्ये एक खोल स्वर आणि भोवती इतर स्वर. बोटांच्या टोकांनी वाजतो. मला राहवेना, दोन तास मी तिथून हललो नाही. तोच म्हणाला, "याचं मूळ म्हणजे हँग. बर्नचा."

मग मी वाचत सुटलो. स्वित्झर्लंडमधल्या बर्न शहरात फेलिक्स रोनर आणि सबिना शेअरर या दोघांनी २००० साली हँग घडवला. त्याआधी ते त्रिनिदादचे स्टीलपॅन, म्हणजे तेलाच्या पिंपांपासून निघालेलं वाद्य, बनवत असत. हँगच्या जडणघडणीत आपल्या घटमचाही, म्हणजे दक्षिणेतल्या मातीच्या माठासारख्या वाद्याचाही, वाटा आहे: खालच्या बाजूला भोक, आत पोकळी आणि तो घुमणारा आवाज. हे वाचून मला केवढा आनंद झाला, ते ताल वाजवणाऱ्यालाच कळेल. बर्नच्या बोलीत हँग म्हणजे हात.

फसवणारा नेमका कशावर उभा होता ते कळायला पुढचा भाग नीट वाचा. मुंबईपेक्षा कमी लोकवस्तीच्या त्या देशात हाताने घडणारं वाद्य, मागणी मात्र जगभरातून. पुढे पुढे तर दुकानात मिळेना. लोक पत्र पाठवत, बोलावणं आलं की बर्नला जाऊन घेत. जुन्या हँगचे भाव मूळ किमतीच्या कितीतरी पट चढले. बनवणाऱ्यांना ही सट्टेबाजी नको होती, म्हणून नफा घेऊन विकणार नाही असं ते गिऱ्हाइकाकडून लिहून घेऊ लागले. २०१३ च्या अखेरीस हँग बनणंच थांबलं.

वादकांच्या एका ऑनलाइन गटात मी चौकशी केली, तेव्हा उत्तर आलं: "माझ्याकडे एक आहे. सांधेदुखीमुळे वाजवता येत नाही. जास्त भाव घेणार नाही असा शब्द मी बनवणाऱ्यांना दिलाय, म्हणून घेतला त्याच भावात देतो. २,२०० फ्रँक." बाजारात त्याच्या कितीतरी पट भाव असताना इतकं स्वस्त का, हा प्रश्न मला पडायला हवा होता. त्याचं उत्तर त्याने आधीच देऊन ठेवलं होतं, आणि उत्तराचा अर्धा भाग खरा होता. त्या खऱ्या अर्ध्यावर माझा जीव जडला. कलेचा बाजार होऊ नये म्हणून झटणारी माणसं आहेत, याचंच मला अप्रूप वाटत होतं.

त्याने फोटो पाठवले: खिडकी, पिवळा पडदा, लाकडी स्टूल, कडेला पुसटसा ओरखडा. वाजवतानाचा व्हिडिओही आला. त्यात हात पडल्यावर आवाज किंचित उशिरा येत होता. तीस वर्षं मी ठोका आणि नाद यांच्यातल्या अंतरावरच पोट भरतोय. ते मला ऐकू आलं होतं. मोबाइलचा दोष असेल, म्हणून मी ते सोडून दिलं. आवाज दुसरीकडून उचलून चिकटवलेला होता.

निम्मे पैसे आधी, निम्मे वाद्य मिळाल्यावर, असं ठरलं. ते मला रास्त वाटलं. बँकेत परदेशी पैसे पाठवण्याचा फॉर्म भरताना काउंटरवरच्या बाईंनी विचारलं, "सर, माणूस बर्नचा म्हणताय, मग खातं लिथुआनियाचं कसं?" युरोपातल्या खातेक्रमांकाची पहिली दोन अक्षरं देशाची असतात. स्वित्झर्लंडचा असा खातेक्रमांक, म्हणजे आयबॅन, 'सीएच'ने सुरू होतो. माझ्या कागदावर 'एलटी' होतं. मी त्याला विचारलं. ऑनलाइन बँक आहे, तिकडे स्वस्त पडतं, असं तो म्हणाला. बाईंनी पुन्हा एकदा विचारलं, "नक्की ना?" मी हो म्हटलं. एक लाख बारा हजार गेले.

आठ दिवसांनी एअर वे बिल, म्हणजे विमानाने पाठवलेल्या मालाची पावती आली, सोबत पार्सल कुठवर आलं ते बघायची वेबसाइट. झुरिक, मग मुंबई, मग 'कस्टम्समध्ये अडकलं'. त्याच दुपारी सहारहून, विमानतळाच्या कस्टम्समधून बोलतोय असं सांगत एकाचा फोन. हिंदी सफाईदार, मध्येच मराठी. "किंमत कमी दाखवली आहे, केस होईल. ड्युटी भरा, सोडवून देतो." व्हॉट्सअ‍ॅपवर शिक्क्याचं पत्र. केस हा शब्द ऐकून माझे हातपाय गार पडले. ३८,५०० रुपये मी एका यूपीआयवर भरले. दुसऱ्या दिवशी आणखी ६२,००० मागितले, तेव्हा मी मामेभावाला फोन केला. तो क्लिअरिंगच्या, म्हणजे कस्टम्समधून माल सोडवून देण्याच्या धंद्यात आहे.

"दादा, बिल ऑफ एंट्रीचा नंबर सांग," एवढंच तो म्हणाला. बाहेरून आलेल्या मालाची कस्टम्सकडे नोंद होते, तो हा कागद. तो नंबर माझ्याकडे नव्हता. ड्युटी सरकारी खात्यात चलनाने जाते, किंवा कुरिअर कंपनी पावतीसकट वसूल करते. अधिकारी स्वतःच्या यूपीआयवर घेत नाही. कस्टम्सच्या पत्रावर डीआयएन, म्हणजे त्या पत्राचा स्वतःचा ओळख क्रमांक, असावा लागतो आणि तो खात्याच्या साइटवर तपासता येतो. माझ्या पत्रावर नुसता शिक्का. मग त्याने एअर वे बिल पाहिलं. कागदावर स्विस विमान कंपनीचं नाव होतं, पण तिच्या बिलाचे पहिले तीन आकडे ७२४ असतात, इथे दुसरेच. पुढच्या आठ आकड्यांपैकी पहिल्या सात आकड्यांच्या संख्येला ७ ने भागलं की उरणारी बाकी म्हणजे आठवा आकडा. त्याने मोबाइलवरच भागाकार केला. बाकी जुळली नाही. पाच मिनिटांचं काम होतं, आणि तो माझ्यापासून दोन गल्ल्यांवर राहतो.

१९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर लगेच फोन केला, सायबर गुन्ह्यांच्या सरकारी पोर्टलवर तक्रार नोंदवली, पोलीस ठाण्यात गेलो. यूपीआयच्या पैशांतले अकरा हजार पुढच्या खात्यात गोठवले गेले. ते परत मिळावेत म्हणून कोर्टाच्या खेपा चालू आहेत. पहिला फोन आल्या आल्या कळवलं असतं तर जास्त अडकले असते, असं तिथल्या हवालदारांनी सांगितलं. परदेशी गेलेल्या पैशांबद्दल बँकेने प्रयत्न केले. खातं रिकामं होतं.

आता कोणी विचारलं तर मी एकच सांगतो: व्हिडिओ कॉलवर, त्याच क्षणी, आपण म्हणू तो स्वर वाजवायला लावा. मधला, मग डावीकडून तिसरा, मग पुन्हा मधला. ज्याच्याकडे वाद्य आहे त्याला यात काहीच अवघड नाही. मी हे मागितलं होतं. 'इंटरनेट खराब आहे' म्हणाला, आणि संकोचाने मी पुन्हा मागितलं नाही.

परवा ठाण्याच्या एका पखवाजवादकाचा फोन आला. त्याला हँग मिळतोय, मूळ किमतीत, विकणाऱ्याला सांधेदुखी आहे. मी फोटो मागवले. खिडकी, पिवळा पडदा, लाकडी स्टूल, कडेला तोच ओरखडा. तो बँकेच्या रांगेत उभा होता. बाहेर ये म्हणालो, आणि तो बाहेर येईपर्यंत फोन ठेवला नाही.