सोलापूरचं बुलेट स्टेशन: गावात की गावाबाहेर?

मुंबई-पुणे-हैदराबाद या सुमारे 711 किलोमीटरच्या प्रस्तावित बुलेट ट्रेन मार्गावर आपलं सोलापूर आहे. पण स्टेशन नेमकं कुठे?

आत्ताच्या स्टेशनला लागून झालं तर सोन्याहून पिवळं. मुंबईहून येणाऱ्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसमधून उतरावं, दारातच रिक्षा, अर्ध्या तासात घरी चहा, तसंच. मात्र ताशी 320 किलोमीटरच्या वेगाला कित्येक किलोमीटर त्रिज्येची वळणं लागतात. ती दाट वस्तीतून काढायची म्हणजे कुणाची तरी घरं जाणार.

बायपासकडे जागा मोकळी, रूळ सरळ. सुरतेचं बुलेट स्टेशनही शहराबाहेर अंत्रोलीलाच आहे. तुळजापूर-अक्कलकोटच्या भाविकांना गावात शिरायलाच नको. पण चादरींचे गठ्ठे घेऊन रात्री अकराला तिथे उतरलात, तर रिक्षावाला म्हणेल ते भाडं! गाडीत वाचवलेला वेळ रस्त्यात गेला.

आणखी थांबे मागणाऱ्यांसाठी एक हिशेब: मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेनच्या मूळ आराखड्यात मोजक्या थांब्यांनी 2 तास 7 मिनिटं, सगळे घेतले की 2 तास 58 मिनिटं.

माझं मत बायपासला, पण एका अटीवर: प्रत्येक गाडीला जोडून एसटी स्टँडपर्यंत सिटी बस. नाहीतर आपली सिद्धेश्वरच बरी.