ओल डोइन्यो लेंगाई चढाई: वाटाड्या पक्का, सामान यथातथा

टांझानियातला हा 2,962 मीटर उंचीचा ज्वालामुखी. उन्हाचा कडाका चुकवायला मध्यरात्री चढायला सुरुवात. आमचा मसाई (इथल्या स्थानिक जमातीतला) वाटाड्या एकदम जाणता. भुसभुशीत राखेत पाऊल कुठे रोवायचं ते काठीने टोचून दाखवायचा. शेवटचा उतार अक्षरशः अंगावर येतो. गुडघे कुरकुरत असतील तर खाली नाट्रॉन तलावाकाठी फ्लेमिंगो बघा, त्यात काही कमीपणा नाही!

इथला कार्बोनाटाइट (म्हणजे कार्बोनेट क्षारांनी भरलेला) लाव्हा 500-600 अंश सेल्सियसलाच वाहतो. काळाकुट्ट, पातळ, थिजल्यावर हवेतल्या ओलाव्याने पांढरा पडतो. विवराच्या कडेवर असे पांढुरके थर जवळून बघायला मिळाले.

कंपनीने दिलेल्या हेडलॅम्पचे सेल मात्र अर्ध्या वाटेतच मान टाकून बसले. स्वतःचे न्या. हातमोजेही, उतरताना खडी हाताला सोलते.