काजळदेशी आरसा : कापसाच्या वावरात किती कामाचा?

काजळदेशाच्या कारागिरांनी घडवलेला ‘पुढल्या आठवड्याचा आरसा’ अलीकडे यवतमाळ जिल्ह्यातील आठवडी बाजारांतही मिळू लागला आहे. साध्या आरशाच्या काचेमागे चांदीचा किंवा अ‍ॅल्युमिनियमचा पातळ थर असतो; याच्या मागे अमावस्येच्या रात्री धरलेल्या काजळीचा लेप असून, त्यामुळे समोरचे दृश्य आज आहे तसे न दिसता सात दिवसांनी त्याच घटकेला जसे असेल तसे दिसते. किंमत एक क्विंटल कापूस, म्हणजे 2025-26 च्या लांब धाग्याच्या हमीभावाने 8,110 रुपये. एवढे मोल देऊन कोरडवाहू कास्तकाराने तो घ्यावा का, इतक्यापुरतेच हे परीक्षण आहे.

विक्रेते तो घराच्या भिंतीवर लावायला सांगतात आणि तिथेच तो वाया जातो, कारण पुढल्या आठवड्यातही ओसरीवर तीच खाट आणि तेच जोडे असतात. धुऱ्यावरच्या, म्हणजे बांधावरच्या, बाभळीला, पऱ्हाटीच्या (कपाशीच्या झाडाच्या) उंचीवर, किंचित खाली झुकवून बांधल्यास मात्र पाच-सहा ओळींपर्यंतचे पान न् पान स्वच्छ दिसते.

त्याची खरी किंमत कळते ती गुलाबी बोंडअळीच्या काळात. आज पऱ्हाटीवर जी पाती, म्हणजे फुलाची कळी, आहे तिचे फूल कसे उमलणार हे आरसा आधीच दाखवतो, आणि पाकळ्या एकमेकींना चिकटून मिटलेली डोमकळी त्यात दिसली की अळीचा शिरकाव झाला हे ओळखता येते. एरवी आपण मादीच्या गंधाने नर पतंगांना ओढणाऱ्या कामगंध सापळ्यांत सलग तीन रात्री प्रत्येकी आठ पतंग सापडण्याची किंवा दहा टक्के फुले-बोंडे किडण्याची वाट पाहतो; आरशामुळे पाच टक्के निंबोळी अर्काची फवारणी त्याआधीच उरकता येते. सापळे काढून टाकण्याचा सल्ला मात्र मी देणार नाही. अळी बोंडात शिरल्यावर तिने पाडलेले छिद्र बुजते आणि बोंड बाहेरून निरोगी दिसते. आरशालाही ते निरोगीच दिसते. वीस हिरवी बोंडे तोडून, फोडून पाहण्याचे काम काजळदेशाच्या कोणत्याही कारागिराने अजून वाचवलेले नाही.

या आरशाचा सर्वांत विलक्षण, आणि माझ्या मते सर्वांत मोलाचा, गुण विक्रेते सांगतच नाहीत. त्यातील दृश्य अटळ नसते, पण ते नुसत्या बेताने बदलत नाही. फवारणी करायची असे मनाशी ठरवले, घरच्यांना सांगितले, औषध आणायला कोणाला पाठवले, तरी डोमकळ्या तशाच दिसतात. अर्क गाळून पंप पाठीवर घेतला की मग एकेक कळी आरशात उमललेली दिसू लागते. आमच्या शेजारच्या धुऱ्यावरचे काका ‘उद्या डवरतोच’ असे रोज निष्ठेने सांगत आणि त्यांच्या वावराकडे तोंड केलेल्या आरशात तणाची उंची रोज वाढत असे. प्रत्यक्ष डवरा जुंपला त्या सकाळी काळी माती दिसली. शब्दावर इतका अविश्वास दाखवणारी वस्तू घराच्या भिंतीवर का लावू नये, याचे हेही एक कारण समजावे.

रानडुकरांच्या बाबतीत तो निराशा करतो. अंधाऱ्या रात्री त्यात पुढल्या आठवड्याचा अंधारच दिसतो, आणि सकाळी आडवी झालेली तूर दिसली तरी कळप रात्री नेमका केव्हा येणार हे कळत नसल्याने जागली रात्रभरच करावी लागते. भावाचा अंदाज घेण्यासाठी तो बाजार समितीच्या फलकासमोर धरण्याचा उद्योगही व्यर्थ आहे. आकडे उलटे वाचावे लागतात हे चालून जाईल, परंतु चढा भाव पाहून दहा गाड्या माघारी वळल्या की फलकावरचा आकडाही बदलतो. शिवाय हमीभावाच्या खरेदीत आठ टक्क्यांवरील ओलाव्याला कपात आणि बारा टक्क्यांवर थेट नकार असतो. तो ओलावा आरशात दिसत नाही.

निगा राखणे जिकिरीचे आहे. पावसाळी दमटपणाने लेपाला फुगवटे येतात आणि तेवढ्या भागात काळाचा हिशेब चुकून कालचीच पऱ्हाटी दिसते. वैशाखात पारा 45 अंशांवर गेला की लेप वितळू लागतो, त्यामुळे उन्हाळाभर आरसा ज्वारीच्या कोठीत ठेवलेला बरा. दुरुस्तीचा कारागीर वर्षातून एकदाच, पोळ्याच्या अमावस्येला येतो. दिवाळीच्या सुमारास, वेचणी ऐन भरात असताना लेप बिघडला तर पुढचा पोळा गाठावा लागतो. ही सेवा किमतीच्या मानाने फारच अपुरी आहे.

पाच एकरांपेक्षा कमी कापूस असलेल्याने एकट्याने हा खर्च करू नये. एका पांदणीवरच्या तिघा-चौघांनी मिळून तो घ्यावा आणि आळीपाळीने बांधावा. घेताना स्वतःचा हात समोर धरून पाहावा. हात दिसला तर ती साधी काच आहे. हात दिसला नाही, तर पुढल्या बाजारचे ते दुकान आरशात नीट न्याहाळावे, आणि त्यात विक्रेताही दिसला नाही तर हमीपत्र कितीही सुबक छापलेले असले तरी विसार देऊ नये.