लग्नाचा प्रोजेक्टर आणि रामसेंचा सामरी

आमच्या वेंगुर्ल्याच्या बाजूला लग्न-बारशाला पडदा, प्रोजेक्टर आणि दोन स्पीकर भाड्याने देणारे बरेच झालेत. मे महिन्यात चाकरमानी घरी असताना त्यातल्याच एका पोराला बोलावलं. नाव लिहीत नाही, कारण तक्रारही आहे आणि पोरगा कष्टाळू आहे. दोन रात्रींचे ₹3500, पेट्रोल त्यातच.

काय बघायचं ते मी ठरवलं होतं : नट अनिरुद्ध अग्रवाल. हे नाव घरात कुणालाच कळलं नाही. ‘अहो, सामरी!’ म्हटल्यावर मात्र मुंबईचे दोन्ही दीर पन्नाशीतून थेट दहावीत गेले. रामसे बंधूंचे दोन भुताचे सिनेमे : पहिल्या रात्री ‘पुराना मंदिर’ (1984), त्यात तो राक्षस सामरी, दुसऱ्या रात्री ‘बंद दरवाजा’ (1990), त्यात तो रक्तपिपासू नेवला.

बांधणीला पैकीच्या पैकी मार्क. दोन माडांमध्ये पडदा ताणला, खालच्या कडेत बांबू ओवला, त्यावर चिरे ठेवले. तरी खारा वारा पडेपर्यंत नायक मोहनीश बहलला पोट सुटल्यासारखं दिसत होतं, पण त्याला कोण काय करणार!

घोळ झाला तो चित्रात. लग्नाच्या क्यासेटी दाखवून दाखवून त्या मशीनचं सेटिंग नवरीच्या शालूसाठी लावलेलं. उजेड फुल्ल. रामसेंचा अर्धा सिनेमा काळोखात, निळ्या उजेडात आणि धुरात घडतो. इथे काळोख म्हणजे भिजलेल्या चुन्याची भिंत. सामरी आला तेव्हा चेहऱ्यावरचा लेप कुठे संपतो आणि कातडी कुठे सुरू होते तेसुद्धा दिसलं. पोरं खी-खी हसली.

मला राग आला तो अग्रवालसाठी. रुरकीला शिकलेला सिव्हिल इंजिनिअर, मुंबईत नोकरी करणारा. उंची आणि चेहऱ्याची ठेवण अशी की रामसेंना आयताच राक्षस मिळाला. ‘पुराना मंदिर’मध्ये सामरीचं मुंडकं एकीकडे पेटीत आणि धड दुसरीकडे पुरलेलं, त्यामुळे बराच वेळ तो पडद्यावर नसतोच. मध्येच जगदीपची ‘शोले’ची नक्कल येऊन वेळ खाते (दिरांना तीच पाठ होती). म्हणजे अग्रवालच्या वाट्याला मोजकी मिनिटं, संवाद जवळजवळ नाहीत, आणि तोंडावर लेप. उरतात डोळे आणि खांदे. आमच्या पोराच्या प्रोजेक्टरने डोळे पुसून टाकले.

खांदे मात्र वाचले. शेजारचे भाऊकाका, जन्मभर दशावतारात राक्षस केलेले, पुढे सरकून बसले होते. म्हणाले, “हेच्या तोंडात दोन शब्द पण घालूक नाय, पण चालता कसो बघ. आदी खांदो येता, मगे पाय.” बाजूच्या काकू म्हणाल्या, “आमच्या देवचारापुढे ह्यो काय!” भाऊकाकांनी त्यांना गप्प केलं. हवेली दिसल्यावर मुरुडच्या माहेरवाशिणीने ‘हा तर आमचा नवाबाचा राजवाडा!’ म्हणून उठून दाखवलं, तेव्हा पुढची दहा मिनिटं सिनेमा कुणी बघितलाच नाही.

सकाळी पोराला फोन केला. “वहिनी, दुसरा मशीन आसा, पण उजेड कमी,” म्हणाला. मला तोच हवा होता. कुडाळहून आणला, त्यात ‘सिनेमा’ नावाचं सेटिंग निघालं. ते लावलं आणि ‘बंद दरवाजा’तला नेवला खरोखर काळोखातून आला. आधी काहीच नाही, मग दोन लाल डोळे, मग झगा. काल हसणारी पोरं आज्यांच्या मांडीवर सरकली.

खरं तर मला ‘बँडिट क्वीन’ (1994) लावायचा होता. त्यातला डाकू बाबू गुज्जर म्हणजे अग्रवालच. लेप नाही, सुळे नाहीत, आणि नेवल्यापेक्षा शंभरपट भीती वाटते. पण पोरांसमोर तो लावणं शक्यच नव्हतं. त्याच साली आलेल्या हॉलिवूडच्या ‘जंगल बुक’मध्येही तो आहे. आपल्या हिंदीवाल्यांनी मात्र बहुतेक वेळा त्याची उंची भाड्याने घेतली आणि नट घरी ठेवला, असं माझं मत.

आवाज ठीक. मध्यंतराच्या सुमारास लाईट गेली, जनरेटर सुरू झाला आणि पाऊण तास नेवल्याच्या गुहेत भाताची गिरण चालू असल्यासारखं वाटलं. जनरेटर घराच्या मागे ठेवा असं सांगायला हवं, आपणहून ठेवत नाहीत. वायर पुरत नाही म्हणतात, पुरते.

पाचपैकी साडेतीन. बोलवायचं असेल तर कुडाळचा मशीन नाव घेऊन मागा, आणि आदल्या संध्याकाळी एखादा काळोखातला प्रसंग लावून बघितल्याशिवाय ॲडव्हान्स देऊ नका. मे महिन्यात लग्नांमुळे पोरगा मिळत नाही, एप्रिलमध्येच सांगून ठेवा.