अंधेरीचं मुंबई फुटबॉल अरेना: मॅच बघायची तर इथेच बघा

ज्यांना अजून माहीत नाही त्यांच्यासाठी, मुंबई फुटबॉल अरेना म्हणजे आपलं अंधेरी स्पोर्ट्स कॉम्प्लेक्सच, कागदोपत्री शहाजीराजे भोसले क्रीडा संकुल, १९९६ ला मायकल जॅक्सनचा शो झालेला तेच. २०१६ पासून मुंबई सिटी एफसीचं, म्हणजे इंडियन सुपर लीगमधल्या (आयएसएल) आपल्या मुंबईच्या फुटबॉल क्लबचं होम ग्राउंड. माझ्याकडून पाचपैकी साडेचार स्टार, आणि ते का ते नीट सांगतो.

मुंबई सिटी पहिले दोन सीझन नेरुळच्या डी. वाय. पाटीलला खेळली. ते स्टेडियम झकास आहे, २०२२ च्या मुलींच्या अंडर-१७ वर्ल्डकपची फायनल पण तिथेच झाली, पण शेवटी ते क्रिकेटचं स्टेडियम, गोल, अवाढव्य, पन्नास हजाराच्या वर माणसं मावणारं. आठ-दहा हजार लोक आले तरी ओस वाटतं आणि फुटबॉलचं चौकोनी मैदान मधे कुठेतरी लांब पडलेलं असतं, विंगर कोण आहे ते जर्सीचा नंबर बघून ओळखायला लागतं. अंधेरीला तसं नाही. दहा हजाराच्या आतलं स्टेडियम आहे, त्यामुळे पाच हजार लोक आले तरी दणाणून जातं. टॅकल बसली की तो आवाज ऐकू येतो, गोलकीपर डिफेंडर्सवर ओरडतो ते ऐकू येतं, आणि कॉर्नरच्या वेळी सगळं स्टँड एकदम उभं राहतं ना तेव्हा अंगावर काटा येतो. टीव्हीवर यातलं काहीच कळत नाही.

याच अंधेरीच्या ग्राउंडवर २०१६ ला मुंबई सिटीकडून खेळताना उरुग्वेच्या दिएगो फोर्लाननी केरला ब्लास्टर्सविरुद्ध हॅटट्रिक मारली, ५-० मॅच. वर्ल्डकपमधे गोल्डन बॉल, म्हणजे सर्वोत्तम खेळाडूचा मान मिळालेला माणूस अंधेरीत, आझाद नगर मेट्रो स्टेशनच्या बाजूला खेळत होता, हे आजही सांगताना भारी वाटतं. आणि २०१८ चा इंटरकाँटिनेंटल कप तर विसरूच शकत नाही. चायनीज तैपेईला भारतानी ५-० हरवलं, कॅप्टन सुनील छेत्रीची हॅटट्रिक, आणि बघायला लोक किती तर जेमतेम अडीच हजार. मग छेत्रीनी व्हिडिओ टाकून हात जोडले की आम्हाला शिव्या द्या, टीका करा पण स्टेडियममधे या, आणि पुढच्या केनियाच्या मॅचला, त्याची शंभरावी मॅच होती ती, स्टेडियम फुल्ल. मुंबईकर येतात हो, फक्त त्यांना कोणीतरी बोलवावं लागतं. मी पण तेच करतोय.

एक गोष्ट मात्र मनाला लागते. मुंबई सिटीनी दोनदा लीग शील्ड (लीगमधे पहिला नंबर आल्याची) आणि दोनदा आयएसएल कप (शेवटी फायनल जिंकल्याचा) जिंकलाय, आणि चारही वेळा जिंकल्याचा तो क्षण मुंबईबाहेर. २०२१ ला कोविडमुळे सगळंच गोव्यात, रिकाम्या स्टँडसमोर, बिपीन सिंगचा ९०व्या मिनिटाचा गोल आम्ही घरी बसून बघितला. २०२३ ची शील्ड गोव्यात जाऊन पक्की केली आणि २०२४ ची फायनल कोलकात्यात, सॉल्ट लेकला मोहन बागानला ३-१ हरवून. अंधेरीत एकदा तरी ट्रॉफी जिंकताना बघायचीय.

जुन्या लोकांना दक्षिण मुंबईतलं कूपरेज ग्राउंड आठवतं, माझे काका अजून तिथल्या रोव्हर्स कप या जुन्या फुटबॉल स्पर्धेबद्दल बोलायला लागले की थांबत नाहीत, टाटा, मफतलाल, ऑर्के मिल्स, कोलकात्याहून येणारे मोहन बागान, ईस्ट बंगाल, मोहमेडन हे तिन्ही मोठे क्लब. नंतर मुंबईचीच महिंद्रा युनायटेड २००५-०६ ला नॅशनल लीग जिंकली आणि २०१० ला बंदच झाली, २०१७ ला मुंबई एफसी (मुंबई सिटीपेक्षा वेगळा क्लब) पण गेली. म्हणून म्हणतो, हा क्लब आहे, हे घर आहे, तोवर जाऊन बसा. क्लबचं घर म्हणजे नुसतं भाड्यानी घेतलेलं मैदान नाही, दर मॅचला त्याच कोपऱ्यात दिसणारी तीच निळ्या जर्सीतली माणसं, तोच ढोल, घरच्या गणपतीला जमणारे नातेवाईक असतात तसं.

अर्धा स्टार कापला तो खाण्यापिण्याचा. हाफटाइमला गर्दी होते आणि पंधरा मिनिटात खाऊन परत येणं कठीण, त्यापेक्षा बाहेर कुठेतरी वडापाव, मिसळ खाऊन मगच आत जा. लहान मुलं असतील तर लवकर पोचा म्हणजे वॉर्मअप बघता येतो, माझा भाचा मॅचपेक्षा त्याच्यावरच जास्त खूश होता. गाडी आणू नका, वीरा देसाई रोडची संध्याकाळची अवस्था अंधेरीकरांना वेगळी सांगायला नको. मेट्रोनी आझाद नगरला उतरून चालत जा, घाटकोपर साईडनी येणाऱ्यांना तर सरळच आहे. परत जाताना रिक्षाच्या नादी लागू नका, मॅच सुटली की मीटरवर कोणी तयार होत नाही, आणि शेवटच्या मेट्रोचं टायमिंग आधीच बघून ठेवा कारण एक्स्ट्रा टाइम असला तर धावपळ होते.