काळा आरसा ऊर्फ क्लॉड ग्लास : सात महिन्यांच्या वापरानंतर

अठराव्या शतकात इंग्लंडमधले चित्रकार आणि हौशी प्रवासी एक काळा, किंचित फुगीर आरसा जवळ बाळगायचे. देखाव्याकडे पाठ करून उभं राहायचं आणि आरशातला देखावा बघायचा. ज्याच्या नावावरून त्याला क्लॉड ग्लास म्हणतात त्या फ्रेंच निसर्गचित्रकार क्लोद लोरँनं (सुमारे 1600–1682) तो वापरल्याचा पुरावा नाही. आरशातलं दृश्य त्याच्या चित्रांसारखं वाटतं, इतकाच संबंध.

अस्सल जुना आरसा संग्रहालयात बघायचा. वापरायला घरी केलेला पुरतो. प्रयोगशाळेचं सामान विकणाऱ्या दुकानात 100 मिमीची वॉच ग्लास, म्हणजे उथळ वाटीसारखी गोल काच, मिळते. निवडताना फुगीर बाजूवर ट्यूबलाइटचं प्रतिबिंब पाडून काच हळूहळू फिरवा. रेघ थरथरली तर ती काच नको. खोलगट बाजू स्पिरिटनं पुसून तिथे काळ्या ऑइलपेंटचे दोन पातळ हात द्यायचे, मध्ये पूर्ण एक दिवस सोडून. रंगाऐवजी काळा कागद चिकटवायचा मोह टाळा. काच आणि कागदात हवा राहते, काचेच्या मागच्या पृष्ठभागावरूनही प्रकाश परततो आणि प्रत्येक झाडाला भुतासारखी दुसरी कडा दिसते. रंगात बुडबुडा राहिला तरी तेवढ्या जागी हाच घोळ. उन्हात तापलेल्या गाडीत आरसा ठेवला की रंग सुटतो, तोही याच कारणानं बाधतो.

आता मुद्द्याचं. समोरून पाहिलं तर काच पडणाऱ्या प्रकाशातला जेमतेम 4 टक्के परत पाठवते, आणि सगळ्या रंगांचा जवळपास सारखाच. म्हणजे ‘आरसा सोनेरी छटा देतो’ हे काळ्या रंगाच्या साध्या काचेबाबत खरं नाही. उजेड आणि सावली यांचं प्रमाणही तो बदलत नाही. बदलतो तो डोळा. आकाश दिपवायचं थांबतं, सावल्यांतले तपशील दिसेनासे होऊन एकमेकांत मिसळतात, हिरवे रंग फिके पडतात. राहतात चार-पाच मोठे टोन, म्हणजे उजेड-अंधाराच्या पायऱ्या. चित्रकलेच्या वर्गात ‘डोळे बारीक करून बघ’ म्हणतात, त्याचंच हे काम. फक्त पापण्यांचे केस मध्ये येत नाहीत.

फुगवटा मात्र सांभाळावा लागतो. मध्यभागी 12 मिमी उंची असेल तर वक्रतेची त्रिज्या साधारण 11 सेंमी येते आणि दूरचा डोंगर आरशामागे साडेपाच सेंमीवर उमटतो. त्यामुळे चाळिशी लागलेल्यांना मैलभर लांबचा डोंगर बघायला वाचायचा चष्मा लावावा लागतो! कडेला सगळं वाकतं, म्हणून काळ्या कार्डात 5 सेंमी रुंदीची आयताकृती खिडकी कापून ती आरशावर बसवा. आरसा 35 सेंमीवर धरला की त्या खिडकीत सुमारे 60 अंशांचा देखावा मावतो. अगदी समोर धरलात तर मधोमध स्वतःचंच डोकं, तेव्हा खांद्याच्या बाहेर धरा. पण फार तिरकाही नको. प्रकाश 56 अंशांच्या आसपास पडला की परावर्तित किरण ध्रुवित होतात (एकाच दिशेत कंप पावतात) आणि निळं आकाश मध्येच डागाळल्यासारखं गडद दिसतं. सूर्य आरशात घेऊ नका, 4 टक्केसुद्धा डोळ्याला जड आहे.

थॉमस वेस्टच्या 1778 च्या, इंग्लंडमधल्या लेक डिस्ट्रिक्ट या सरोवरांच्या प्रदेशाच्या मार्गदर्शिकेत आरसा चारेक इंचांचा घ्यावा आणि तो उन्हात सर्वांत उपयोगी, असं आहे. ढगाळ दिवसासाठी वेस्ट चंदेरी पाठीचा वेगळा आरसा सुचवतो, आणि ते पटतं: पावसाळी दुपारी काळा आरसा म्हणजे निव्वळ डबकं. कवी थॉमस ग्रे 1769 मध्ये तिथल्याच केसिक गावाजवळ आरसा हातात उघडा असताना गल्लीत उताणा पडला होता. बोटांच्या पेरांवर निभावलं. चालता चालता वापरायची ही वस्तू नव्हे.

रेखाटनासाठी घेणार असाल तर निराशा होईल. डावं-उजवं उलटतं (छापचित्र करणाऱ्यांना ते सोयीचं), आणि डोंगर इतके बुटके होतात की मापं घेण्यात अर्थ नाही. खरा उपयोग पहिल्या दहा मिनिटांत: तळहाताएवढ्या कागदावर तीन-चार टोनांचा कच्चा आराखडा. रंग पॅलेटवर काढले की आरसा पिशवीत ठेवून द्या. तो समोर ठेवून रंगवलेली हिरवळ हमखास तपकिरीकडे झुकते, कारण डोळा अंधारातला रंग उचलतो. इंग्लिश चित्रकार कॉन्स्टेबलनं 1821–22 मध्ये लंडनजवळच्या हॅम्पस्टेडला तैलरंगात ढगांचे अभ्यास केले. तसं आकाश हवं असेल तर हा आरसा अडथळाच आहे. सतराव्या शतकातला डच चित्रकार डी होख याच्या धर्तीवर घरातले प्रसंग रंगवणाऱ्यांनी तर नादीच लागू नये, खिडकी सोडून काही दिसत नाही.

पुसायला मऊ सुती फडकं, तेही आधी फुंकर मारून. चरा पडला तर तो नेमका आकाशात दिसतो.