टेबलावरचा ८ मिमी फिल्म स्कॅनर: पावसाळ्यासकट आठ महिने वापरल्यावर

माहितीपटासाठी जुनं फुटेज शोधताना कोल्हापुरात घबाड सापडतं ते घराघरांतल्या पत्र्याच्या डब्यांत. खासबागेतल्या कुस्त्या, रंकाळा, लग्नाच्या वराती. त्या डब्यांत नेमकं काय आहे हे बघायला हे यंत्र जरूर घ्या. मास्टर, म्हणजे अंतिम फिल्ममध्ये वापरायची उत्तम दर्जाची प्रत, काढायला नको.

वेग सेकंदाला दोन फ्रेम. ५० फुटी सुपर ८ (८ मिमीचाच नंतरचा प्रकार) रिळात ३६०० फ्रेम असतात, म्हणजे अर्धा तास. ४०० फुटी लावलं की चार तास गेले. जाहिरातीत 'ऑटोमॅटिक' लिहिलंय, पण शेजारी बसावंच लागतं. जुना टेपचा जोड आला की फिल्म तटते.

फाइल सेकंदाला २० फ्रेमने बनते, तीही मुकी. साधं ८ मिमी बहुधा १६ ने आणि सुपर ८ हे १८ ने घेतलेलं असतं, म्हणून माणसं तुरुतुरु पळतात. एडिटिंगमध्ये वेग अनुक्रमे ८० आणि ९० टक्के करा. शार्पनेस 'लो'च ठेवा. वाढवला की फिल्मचा दाणा (ग्रेन) वाळूसारखा उठतो आणि फाइल लहान करणारं कॉम्प्रेशन त्याचे चौकोन पाडतं. ऑटो एक्स्पोजर पांढऱ्या फेट्यांच्या गर्दीला फसतं आणि आखाड्यातले पैलवान काळे ठिक्कर दिसतात. अशा रिळाला एक्स्पोजर हातानं थोडं वर न्या.

गेटमध्ये, म्हणजे फिल्म भिंगासमोर येते त्या खिडकीत, केस अडकला तर तो अख्ख्या रिळभर एकाच जागी वळवळतो. दर रिळानंतर ब्लोअर मारायचा. पावसाळ्यात इथली फिल्म बुरशी धरते. डब्यात सिलिका जेल ठेवा, पाणी किंवा काच पुसायचं लिक्विड लावू नका. व्हिनेगरसारखा वास आला तर ॲसिटेट (फिल्मची प्लास्टिकची पट्टी) सडायला लागलंय. अशी फिल्म आकसते, कडेची भोकं फिल्म पुढे ओढणाऱ्या यंत्राच्या नखाला जुळत नाहीत, चित्र उड्या मारतं. ओढाताण केलीत तर भोकंच फाटतील. ते रीळ बाकीच्यांपासून लांब ठेवा आणि लॅबला द्या.

स्कॅन झाला म्हणजे वापरायची मुभा मिळाली, असं नाही. रीळ ज्याच्या कपाटात, हक्क (कॉपीराइट) त्याचाच असेल असं नसतं. पैसे देऊन फोटोग्राफरकडून लग्न शूट करून घेतलं असेल, तर वेगळा करार नसताना पहिला हक्क शूट करून घेणाऱ्याचा. कॉपीराइटची ६० वर्षं मोजतात ती प्रकाशनापासून. कधीच प्रकाशित न झालेली घरगुती फिल्म १९६२ ची असली तरी कॉपीराइटमधून मोकळी समजू नका. परवाना लेखीच घ्या. त्यात मुदत लिहिली नाही तर ती ५ वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. परदेशी महोत्सवाला फिल्म पाठवताना हेच आडवं येतं.

दाखवायची प्रत वॉटरमार्क आणि टाइमकोड (चित्रावरच दिसणारी फ्रेमची वेळ) टाकूनच द्या. एडिट लॉक झाला, म्हणजे कापाकापी पक्की झाली, की निवडलेल्या शॉट्सची रिळं तेवढी लॅबमध्ये २के (सुमारे दोन हजार पिक्सेल रुंद) स्कॅनला पाठवा. परवान्यावर रीळ नंबर आणि टाइमकोड लिहा, आणि सगळ्या वारसांच्या सह्या घ्या. भावकीत एक सही राहिली, तर तो माणूस नेमका प्रदर्शनाच्या आठवड्यात फोन करतो.